अस्वलाच्या नजरेत काय दिसतं? : हेर्झोगचे माहितीपट आणि निसर्ग

पाऊलवाट

जर्मन दिग्दर्शक वेर्नर हेर्झोगचा ‘ग्रिझली मॅन’ परवा चौथ्यांदा पाहिला. पहिल्यांदा पाहिला तेव्हा राग आला होता. एक माणूस मरून गेलाय, त्याने जिवावर उदार होऊन टिपलेली दृश्यं पडद्यावर चालू आहेत, आणि हा दिग्दर्शक संथ आवाजात त्यालाच सांगतोय की तुला जे दिसलं ते तिथे नव्हतंच. मेलेल्या माणसाशी असा वाद घालणं निर्दयपणाचं वाटलं होतं. आता मला तो वाद म्हणजे त्या माणसाला दिलेला सगळ्यात मोठा मान वाटतो. हे उलटं कसं झालं ते लिहून काढावं आणि इथल्या जाणकारांशी बोलावं म्हणून हा धागा. लांबण लागेल, सांभाळून घ्या.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी आधी थोडक्यात. टिमोथी ट्रेडवेल हा अमेरिकन माणूस १३ उन्हाळे अलास्कातल्या कॅटमाई राष्ट्रीय उद्यानात तपकिरी अस्वलांच्या संगतीत राहिला. शेवटच्या काही वर्षांत त्याने व्हिडिओ कॅमेराही नेला. अस्वलांना नावं द्यायची, त्यांच्याशी लाडाने बोलायचं, तुमचं रक्षण मीच करतोय असं पुन्हा पुन्हा सांगायचं. ऑक्टोबर २००३ मध्ये एका अस्वलाने त्याला आणि त्याची मैत्रीण एमी ह्युगेनार्ड हिला मारून खाल्लं. त्या उद्यानात अस्वलाने माणूस मारल्याची ती पहिलीच नोंद. मागे १०० तासांहून जास्त चित्रण उरलं. त्यातून हेर्झोगने २००५ मध्ये हा माहितीपट उभा केला.

सगळ्यात गाजलेली जागा शेवटाकडे येते. एका अस्वलाचा चेहरा पडदाभर. हेर्झोग म्हणतो, ट्रेडवेलने टिपलेल्या सगळ्या अस्वलांच्या चेहऱ्यांत मला आपलेपणा दिसत नाही, समज दिसत नाही, दया दिसत नाही. दिसते ती फक्त निसर्गाची अफाट बेपर्वाई. त्या कोऱ्या नजरेत आहे ते अन्नाबद्दलचं अर्धवट कंटाळलेलं कुतूहल.

मी ते दृश्य थांबवून बराच वेळ बघत बसलो. माणसाचा चेहरा वाचायची आपल्याला जन्मापासून सवय असते : भुवई, पापणी, ओठांची कड. अस्वलाच्या चेहऱ्यावर आपल्याला वाचता येईल असं फारसं काही हलत नाही. ट्रेडवेलने त्या कोऱ्या जागेत स्वतःचं मन लिहिलं. हेर्झोग ती जागा कोरी ठेवतो. आणि खरं सांगायचं तर ‘बेपर्वाई’ हेसुद्धा काहीतरी लिहिणंच झालं, पण त्यावर पुढे येतो.

दुसरी एक जागा कमी गाजली, पण मला जास्त महत्त्वाची वाटते. ट्रेडवेल एकटाच चित्रण करायचा. कॅमेरा तिवईवर लावून समोर यायचा, आवेशात बोलायचा, बोलून झालं की चौकटीबाहेर जायचा. तो कॅमेऱ्यापाशी परत येईपर्यंत काही सेकंद चित्रण चालूच राहायचं. त्या सेकंदांत पडद्यावर कुणीच नसतं. मागची झुडपं आणि गवत वाऱ्याने हलत असतं, बस. कुठलाही संकलक पहिल्या फटक्यात कापून टाकेल असा हा तुकडा. हेर्झोग तो ठेवतो आणि म्हणतो की या रिकाम्या वाटणाऱ्या क्षणांत एक अनोखं, गूढ सौंदर्य होतं आणि ते ट्रेडवेलच्या लक्षातही आलं नसावं. त्या गवताला कुणी बघतंय का नाही याने काही फरक पडत नव्हता. माणूस चौकटीतून गेल्यावर निसर्ग जसा असतो, तसा मी पडद्यावर क्वचितच पाहिलाय.

आणि तो पावसाचा प्रसंग. त्या वर्षी पाऊस लांबतो, ओढे आटतात, साल्मन मासे वर चढू शकत नाहीत. उपाशी अस्वलं आपल्याच जातीची पिल्लं खातात. ट्रेडवेल पाण्यातले दगड हलवून माशांना वाट करून देतो आणि मग तंबूत बसून जगातल्या सगळ्या देवांना शिव्या घालत पाऊस मागतो. ओढ्यातले ते दगड उचलणारे हात बघून माझ्या पोटात तुटतं. त्याच्या प्रेमात खोट नाही. पण निसर्गात जे चाललंय ते चुकलंय, कुणीतरी ते दुरुस्त करायला हवं, असं त्याला मनापासून वाटतंय. अस्वलांवर प्रेम करता करता अस्वलांचं अस्वलपण त्याला सोसेनासं झालं.

हेर्झोगला निसर्गद्वेष्टा म्हणतात ते मला पटत नाही. लेस ब्लँकने हेर्झोगच्याच ‘फित्झकाराल्डो’च्या चित्रीकरणावर केलेल्या ‘बर्डन ऑफ ड्रीम्स’मध्ये (१९८२) पेरूच्या जंगलात उभा राहून तो जंगलाला वाट्टेल ते बोलतो. इथले पक्षी गात नाहीत, वेदनेने किंचाळतात, इथे सुसंगती असेल तर ती सामूहिक हत्येची आहे, असं बरंच. पण शेवटी म्हणतो की मी हे सगळं जंगलाच्या द्वेषातून बोलत नाही. माझं त्याच्यावर फार प्रेम आहे, पण माझी बुद्धी नको म्हणत असतानाही ते आहे. हे शेवटचं वाक्य लोक गाळतात.

वनचरांना सोयरे मानायची आपल्या भाषेतली रीत जुनी आहे आणि मला ती प्रिय आहे. पण सोयरीक दोन्ही घरांनी होकार दिला तर जुळते. आपण एकतर्फी सोयरीक जाहीर करून मोकळे होतो, आणि मग अस्वल आपल्या मनासारखं वागलं नाही की रडतो किंवा बंदूक काढतो. हेर्झोग आपल्याला समोरच्या घराचं दार बंद आहे हे बघायला लावतो. पर्यावरणाबद्दल आस्था असणाऱ्यांनी त्याला टाळू नये असं मला वाटतं ते याचसाठी.

तुम्हांला काय वाटतं?

दूर्वा

सुंदर लिहिलंय. गवताच्या दृश्याबद्दल शंभर टक्के सहमत. बाकीच्याबद्दल नाही.

मला हेर्झोगच्या त्या संथ आवाजाचा त्रास होतो. एका बाजूला ट्रेडवेलचा पातळ, चढा, लाडावलेला आवाज. दुसऱ्या बाजूला हा खर्जातला, विचार करून बोलणारा. आवाजांची ही मांडणीच अशी आहे की निकाल आधीच लागलेला असतो. मेलेल्या माणसाला उत्तर देता येत नाही, आणि संकलनाच्या टेबलावर कात्री याच्याच हातात.

दुसरं म्हणजे प्रेमाशिवाय कुणी काही वाचवल्याचं मला दिसत नाही. ट्रेडवेल शाळाशाळांमध्ये जाऊन मुलांना अस्वलांबद्दल सांगायचा, तेही फुकट. त्यातल्या काही मुलांनी तरी पुढे काहीतरी केलं असेल. ‘विश्वाचा स्थायीभाव म्हणजे गोंधळ, वैर आणि खून’ हे हेर्झोगचं वाक्य ऐकून कुठलं मूल जंगल वाचवायला उठेल? निसर्ग मुळातच खुनी आहे म्हटलं की बुलडोझर चालवणाऱ्याच्या मनावरचं ओझंही उतरतं. तो म्हणेल, मी काय वेगळं करतोय?

आणि ‘बेपर्वाई’ हासुद्धा माणसाचाच शब्द. पर्वा करू शकणाराच बेपर्वा असू शकतो. दगडाला आपण बेपर्वा म्हणत नाही. म्हणजे हेर्झोगनेही अस्वलावर माणूसच चढवला, फक्त प्रेमळ माणसाऐवजी थंड माणूस.

पाऊलवाट

दूर्वाताई, शेवटचा मुद्दा बिनतोड आहे. मी वर त्याला नुसता हात लावून सोडलं होतं, तुम्ही नेमकं मांडलंत.

आवाजाबद्दल मात्र थोडं वेगळं सांगतो. हेर्झोगच्या हातात त्या माहितीपटातली सगळ्यात मोठी सत्ता एका ध्वनिफितीच्या रूपाने होती. हल्ल्याच्या वेळी कॅमेरा चालू होता पण भिंगावर झाकण होतं, त्यामुळे सुमारे सहा मिनिटांचा फक्त आवाज मुद्रित झाला. ती फीत ट्रेडवेलच्या जुन्या मैत्रिणीकडे होती. हेर्झोग तिच्यासमोर बसून हेडफोनवर ते ऐकतो. कॅमेरा त्याच्या पाठीमागे आहे, आपल्याला दिसतो तिचा चेहरा. थोड्या वेळाने तो ते बंद करायला सांगतो आणि म्हणतो, हे तू कधीही ऐकू नकोस, नष्ट करून टाक. आपल्याला एक क्षणही ऐकवत नाही. निसर्गाच्या क्रौर्याचा पुरावाच दाखवायचा असता तर याहून मोठा पुरावा कुठला? तो तिथे थांबला. म्हणून त्याच्या बाकीच्या बोलण्यावर माझा विश्वास बसतो.

खडखड

मी १४ वर्षं माहितीपटांच्या आवाजाचं काम करतोय, त्यात प्राण्यांवरचे बरेच. या धाग्यावर माझ्या बाजूने काहीतरी सांगणं भाग आहे.

प्राणी दूर असतो. कॅमेऱ्याला लांबचं भिंग लावता येतं, माइकला तसं काही लावता येत नाही. अर्धा किलोमीटरवरून टिपलेल्या लांडग्याच्या पावलांचा आवाज मुद्रित होतच नाही, होतो तो वाऱ्याचा आणि कॅमेरामनच्या जाकिटाचा. म्हणून तुम्ही जे ऐकता त्यातलं बहुतेक नंतर स्टुडिओत केलेलं असतं. बर्फातली पावलं म्हणजे कापडी पिशवीत भरलेलं कॉर्नफ्लोअर, मुठीने तालात दाबायचं. मूठ किती घट्ट, किती वेळ, यावर प्राण्याचं वजन ठरतं. पंखांची फडफड म्हणजे चामड्याचे हातमोजे. इथपर्यंत माझ्या मनाला काही टोचत नाही. पाऊल पडलं होतं, त्याचा आवाज झालाच असणार, आम्ही तो परत आणतो.

टोचतं ते वेगळं. काही वर्षांपूर्वी एका मोठ्या वाहिनीसाठी काम करताना एक दृश्य होतं. हरणाची मादी मेलेल्या पाडसाशेजारी उभी. जवळजवळ ४० सेकंद ती काहीच करत नाही. एकदा कान हलवते. मग मान खाली घालून चरायला लागते. मला ते दृश्य तसंच शांत ठेवायचं होतं. वरून निरोप आला की इथे आईचा हंबरडा हवा, आणि चरायचा भाग कापा. मी दुसऱ्याच ठिकाणी, दुसऱ्याच मोसमात मुद्रित झालेला मादीचा आवाज शोधला आणि बसवला. तो आवाज कळपाला बोलावण्याचा होता, त्यात दुःखबिख काही नव्हतं. पहिल्या खेळाला लोक रडले. माझ्याजवळ येऊन एकाने सांगितलं की त्या आवाजाने काळीज चिरलं. मला त्याच्याकडे बघता आलं नाही.

ती मादी दुःखी नव्हती असं मी म्हणत नाही. दुःखी होती की नाही हे मला माहीत नाही, आणि ते माहीत नसणं हीच त्या ४० सेकंदांतली खरी गोष्ट होती. आम्ही ती पुसून टाकली.

या धंद्याला हा रोग जुना आहे. १९५८ च्या डिस्नीच्या ‘व्हाइट वाइल्डरनेस’मध्ये लेमिंग नावाचे उंदरासारखे प्राणी कड्यावरून समुद्रात उड्या टाकून सामूहिक आत्महत्या करताना दाखवले. चित्रण झालं होतं कॅनडातल्या अल्बर्टात, जिथे समुद्रच नाही. प्राणी बाहेरून आणले आणि कड्यावरून नदीत लोटले. माहितीपटाला ऑस्कर मिळालं. कॅनडाच्या दूरचित्रवाणीने १९८२ मध्ये हे उघडकीला आणलं, तरी लेमिंग आत्महत्या करतात असं लोक आजही खात्रीने सांगतात. एका खोट्या दृश्याने एका अख्ख्या प्रजातीची ओळख बदलली.

म्हणून पाऊलवाट म्हणतात ती कोरी जागा कोरी ठेवणं किती अवघड आहे ते मला आतून माहीत आहे. पैसा देणारे, वाहिनी, प्रेक्षक, सगळे ती भरायला सांगत असतात.

अनवाणी

खडखड, हे लिहिल्याबद्दल आभार. हरणाचा परिच्छेद वाचून थांबलो.

याच ओघात पेंग्विनबद्दल बोलायला हवं. २००५ मध्ये पेंग्विनांवरचा ‘मार्च ऑफ द पेंग्विन्स’ हा फ्रेंच माहितीपट आला आणि जगभर तुफान चालला. मूळ फ्रेंच आवृत्तीत तर पेंग्विन ‘मी’ म्हणून बोलतात. अमेरिकेत काहींनी त्यात एकनिष्ठ संसाराचा आदर्श पाहिला. प्रत्यक्षात एम्परर पेंग्विनांच्या बहुतांश जोड्या पुढच्या हंगामात टिकत नाहीत. दोन वर्षांनी हेर्झोगचा ‘एन्काउंटर्स ॲट द एंड ऑफ द वर्ल्ड’ आला, अंटार्क्टिकावरचा. सुरुवातीलाच तो सांगतो की मी पेंग्विनांवर आणखी एक चित्रपट करणार नाही.

तरी त्यात एक पेंग्विन आहेच. वर्षानुवर्षं पेंग्विनांचा अभ्यास करून माणसांशी बोलायची सवय गेलेले डेव्हिड एन्ली हे शास्त्रज्ञ. हेर्झोग त्यांना विचारतो, पेंग्विनांना वेड लागतं का? ते सांगतात, दगडावर डोकं आपटणारा पेंग्विन मी पाहिलेला नाही, पण कधीकधी ते दिशा हरवतात. मग ते दृश्य. काही पेंग्विन समुद्राकडे निघालेत, काही वसाहतीकडे परत. एकजण मध्येच थांबतो. बराच वेळ थांबतो. आणि मग वळून सरळ डोंगरांकडे चालू लागतो, सुमारे ७० किलोमीटर दूर असलेल्या. त्यापलीकडे ५,००० किलोमीटरचं निर्मनुष्य खंड. मरण निश्चित. पकडून परत वसाहतीत सोडला तरी तो पुन्हा डोंगरांकडेच वळेल, असं एन्लींचं म्हणणं.

मला सगळ्यात लक्षात राहिली ती तिथल्या माणसांसाठीची शिस्त : पेंग्विनाला अडवायचं नाही, वाट द्यायची, स्तब्ध उभं राहायचं. दुसरा एक भरकटलेला पेंग्विन पाणबुड्यांच्या तळावर येतो, घरापासून ८० किलोमीटरवर. माणसं नुसती उभी राहतात आणि तो त्यांच्यामधून चालत जातो. ट्रेडवेल असता तर त्याने त्याला उचलून आणलं असतं. मी असतो तर मीही कदाचित तेच केलं असतं.

मृगजळ

चर्चा छान चाललीये, पण सगळे अस्वल-पेंग्विनात अडकलेत. हेर्झोगची खरी परीक्षा ‘लेसन्स ऑफ डार्कनेस’मध्ये (१९९२) आहे आणि मला वाटतं तिथे तो अर्धा नापास होतो.

आखाती युद्धात माघार घेताना इराकी सैन्याने कुवेतमधल्या ६०० हून जास्त तेलविहिरी पेटवल्या. शेवटची विझली नोव्हेंबर १९९१ मध्ये. हेर्झोगने त्या आगीवरून हेलिकॉप्टर नेलं. खाली काळी जमीन, तळी, वर वाग्नर आणि माहलरचं संगीत. निवेदक असा बोलतो की जणू परग्रहावरून कुणी आलंय. कुवेतचं नाव नाही, इराकचं नाव नाही, तारीख नाही. बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात प्रेक्षकांनी आरडाओरडा केला, भीषणतेला तू सुंदर बनवतोस म्हणून.

एक दृश्य मी विसरू शकत नाही. तळ्यासारखं काहीतरी पसरलंय, त्यात आभाळ दिसतंय. निवेदक सांगतो, पाण्यासारखं दिसतंय ते सगळं तेल आहे, आभाळाचं प्रतिबिंब दाखवून ते पाण्याचं सोंग घेतंय. प्रदूषणाबद्दल हजार आकडेवाऱ्या ऐकल्यात, पण डोळ्याला फसवणारं तेल असं कुणी दाखवलं नव्हतं. इथे तो श्रेष्ठ आहे.

पण मग विहीर विझवणारे कामगार एका फवाऱ्याला परत आग लावतात, आणि निवेदक विचारतो की आगीशिवाय जगणं यांना असह्य झालंय का? ऐकायला काव्यात्म आहे. पण न जळता बाहेर पडणारा वायू साचत गेला तर जळणाऱ्या विहिरीहून घातक ठरू शकतो, म्हणून या कामात कधीकधी मुद्दाम पेटवावं लागतं. वाफेत, काजळीत, जीव मुठीत धरून राबणारी माणसं. त्यांचं शहाणपण त्याने वेड म्हणून दाखवलं. अस्वलाच्या नजरेवर काही लिहू नका म्हणणारा हाच माणूस कामगाराच्या कृतीवर मात्र बिनदिक्कत लिहितो.

निसर्ग बेपर्वा आहे, कबूल. पण त्या विहिरी निसर्गाने पेटवल्या नव्हत्या. हुकूम देणारी माणसं होती, त्यांना नावं होती. सगळ्यालाच विश्वाचा अंधार म्हटलं की गुन्हेगार सुटतो. दूर्वा यांनी बुलडोझरबद्दल म्हटलं ते इथे लागू पडतं.

ओलीमाती

मृगजळ +१.

बुलडोझर निघालाच आहे तर ‘फित्झकाराल्डो’. कथापट आहे, माहितीपट नाही, पण वर ‘बर्डन ऑफ ड्रीम्स’ आलंय म्हणून लिहिते. ज्या जंगलाला तो शिव्या देत उभा आहे, त्याच जंगलातल्या डोंगराचा उतार त्याने साफ करवला होता, ३२० टनांची खरीखुरी आगबोट ओढून नेण्यासाठी. ज्या माणसाच्या आयुष्यावरून कथा सुचली त्याची बोट सुमारे ३० टनांची होती आणि ती सुटी करून नेली होती. एवढी मोठी बोट अखंड नेण्याची गरज फक्त चित्रपटाची. त्याआधी चित्रीकरणाच्या पहिल्या जागी अग्वारुना आदिवासींनी विरोध केला आणि १९७९ मध्ये त्याचा तळ जाळला गेला. मग तो तिथून दूर, दुसऱ्या लोकांच्या प्रदेशात गेला. जंगल त्याला हत्याकांड वाटलं. जे लोक तिथे पिढ्यान्‌पिढ्या राहतात त्यांना ते काय वाटत होतं, हे त्या प्रसिद्ध भाषणात नाही.

आणि सत्याबद्दलही बोलू. माहितीपटांबद्दलच्या आपल्या १९९९ च्या मिनेसोटा जाहीरनाम्यात हेर्झोग म्हणतो की नुसत्या तथ्यांचं सत्य हे हिशेबनिसाचं सत्य, आपल्याला त्यापलीकडचं, भारून टाकणारं सत्य हवं. त्याच जाहीरनाम्यात आहे की निसर्गमाता तुम्हांला हाक मारत नाही, तुमच्याशी बोलत नाही. ठीक. पण फ्रान्समधल्या प्राचीन चित्रांच्या शोव्हे गुहेवरच्या माहितीपटाच्या (२०१०) शेवटी तो पांढऱ्या मगरी दाखवतो, जवळच्या अणुवीज केंद्राशी त्यांचा संबंध जोडतो आणि त्या किरणोत्सर्गाने बदललेल्या असाव्यात असं सुचवतो. प्रत्यक्षात त्या ॲलिगेटर, म्हणजे मगरीसारख्या पण वेगळ्या प्राण्याच्या जातीच्या आहेत, आणि पांढरेपणा आनुवंशिक आहे. कल्पना म्हणून ते दृश्य मला आवडतं. पण अणुऊर्जेवर गंभीर चर्चा चालू असताना अशी भीती पेरणं मला जबाबदारीचं वाटत नाही. लेमिंग लोटणाऱ्यांना आपण दोष देतो, मग याला सूट का?

खडखड

ओलीमाती, फरक आहे असं मला वाटतं, पण तो तुम्ही समजता तितका मोठा नाही आणि मी समजत होतो तितकाही नाही. अंटार्क्टिकाच्या माहितीपटात शास्त्रज्ञ बर्फावर कान लावून सील ऐकताना दिसतात. ते दृश्य उघडच मांडून घेतलंय, कुणी असं ओळीत झोपून ऐकत नसतं. पण बर्फाखालचे सीलचे आवाज खरे आहेत, पाण्यात सोडलेल्या माइकने टिपलेले. पहिल्यांदा ऐकले तेव्हा मी यंत्र तपासलं, कारण ते सजीवाचे वाटतच नव्हते, शिट्टी वरून खाली घसरत जावी तसे. माणसांना त्याने मांडलं, सीलना नाही. मगरींच्या बाबतीत त्याने ही रेघ ओलांडली हे मान्य.

पाऊलवाट

मृगजळ आणि ओलीमाती, तुमच्या दोघांच्या प्रतिसादांनंतर मला माझंच म्हणणं अर्धं परत घ्यायला हवं. आगीच्या दृश्याबद्दल मला हे माहीत नव्हतं. पुन्हा पाहीन.

पण ‘ग्रिझली मॅन’मध्येच या सगळ्याला एक उत्तर दडलंय आणि ते हेर्झोगचं नाही, म्हणून मूळ लेखात ते माझ्याकडून राहिलं. अलास्कातल्या कोडियाकच्या अलुटीक संग्रहालयाचे तेव्हाचे संचालक स्वेन हाकान्सन, स्वतः अलुटीक म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांपैकी, दोन-तीन मिनिटांसाठी येतात. ते सांगतात की आमची माणसं ७,००० वर्षं जी सीमा पाळत आली ती ट्रेडवेलने ओलांडली. आम्ही अस्वलांना टाळतो, अस्वलं आम्हांला टाळतात. तो अस्वलासारखा वागायला गेला, तो अस्वलाचा अनादर होता. आणि माणसांची सवय लावून त्याने त्यांचं भलं करण्यापेक्षा नुकसानच जास्त केलं, कारण सवय झालेल्या अस्वलाला सगळीच माणसं निर्धोक वाटू लागतात.

या बोलण्यात अस्वल मित्र नाही आणि विश्वाच्या अंधाराचं प्रतीकही नाही. अस्वल शेजारी आहे आणि मध्ये बांध आहे. बांध कुठे आहे हे दोघांनाही माहीत आहे. ट्रेडवेलने बांध पाहिलाच नाही. हेर्झोगने पाहिला, पण त्याला पलीकडे फक्त दरी दिसली. हाकान्सन यांना पलीकडे कुणीतरी राहतं हे दिसतंय. हेर्झोगची मोठी गोष्ट ही की स्वतःपेक्षा शहाणा माणूस समोर आल्यावर त्याने त्याला कापलं नाही.

एक गोष्ट मूळ लेखात लिहायला हवी होती. ट्रेडवेल आणि एमीचे अवशेष आणायला गेलेल्या वनरक्षकांना तिथे दोन अस्वलं मारावी लागली. ज्यांना वाचवायला तो तिथे राहिला होता, त्यांतलीच.

दूर्वा

ही दोन अस्वलांची गोष्ट मी विसरले होते. प्रेमाबद्दल मी जे लिहिलं ते मागे घेत नाही, पण प्रेमाने कुठे थांबायचं हा प्रश्न मी टाळला होता.

अवांतर : माझी भाची १२ वर्षांची आहे, प्राण्यांचं प्रचंड वेड. तिला यातलं काय दाखवू? ‘ग्रिझली मॅन’ नको वाटतो.

अनवाणी

तो आत्ता नकोच. अंटार्क्टिकाचा दाखवा. बर्फाखाली पाणबुडे उतरतात ती दृश्यं तिला नक्की आवडतील, आणि वाळूचे कण निवडून स्वतःचं घर बांधणाऱ्या एकपेशीय जिवांबद्दलचा भागही. पेंग्विनाच्या दृश्याला मात्र शेजारी बसा. माझ्या मुलाने तिथे मला हलवून विचारलं होतं, ‘बाबा, कुणी थांबवत का नाही त्याला?’ मी शिस्तीबद्दल सांगितलं, दिशा हरवण्याबद्दल सांगितलं. त्याचं समाधान झालं नाही. दोन दिवसांनी जेवताना त्याने आपणहून विचारलं, ‘तो आता कुठपर्यंत गेला असेल?’

दूर्वा

रविवारी बघतो आम्ही दोघी. ती काय म्हणते ते इथेच लिहीन.